बदल्यांचा बाजार आणि कायद्याची विटंबना

शासकीय सेवेत बदली ही शिक्षा नव्हे आणि बक्षीसही नव्हे. तो सेवेचा स्वाभाविक भाग होय. हे तत्त्व तोंडाने सर्वच मान्य करतात. मग बदल्यांचा हंगाम आला की महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाच्या दारी अर्जदारांची रीघ का लागते? सेवाविषयक तंटे त्वरेने मिटावेत म्हणून १९९१ साली हे न्यायाधिकरण स्थापन झाले. आज मात्र शासनाला शासनाचाच कायदा वाचून दाखविण्याचे काम त्याच्या वाट्याला वारंवार येते.

तो कायदा काही अगम्य नाही. बदल्यांचे विनियमन आणि शासकीय कामातील विलंबास प्रतिबंध करणारा २००५ चा अधिनियम १ जुलै २००६ पासून राज्यात लागू आहे. पदावरील सर्वसाधारण कार्यकाळ तीन वर्षांचा आणि बदल्या वर्षातून एकदा, एप्रिल वा मे महिन्यात, हा त्याचा गाभा. मुदतीपूर्वी कोणाला हलवायचेच असेल, तर प्रकरण विशेष असावे, कारणे लेखी नोंदवावीत आणि लगतच्या वरिष्ठ प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यता घ्यावी, एवढीच अट.

या अपवादाच्या फटीतूनच सारा हत्ती बाहेर काढला जातो. ‘प्रशासकीय निकड’ हे दोन शब्द लिहिले की कारण झाले, अशी समजूत रूढ झाली आहे. निकड कसली, हे विचारण्याची सोय नाही. वाळूचे ट्रक अडविणारा तहसीलदार किंवा अतिक्रमणावर हातोडा घालणारा अधिकारी वर्षभरात नकोसा होतो आणि कोणाच्या तरी शिफारसपत्रावर त्याची उचलबांगडी होते. न्यायाधिकरणाने स्थगिती दिली, तर एका खुर्चीवर दोन दावेदार उभे राहतात. फायली तुंबतात आणि दाखल्यासाठी वीस कोस चालून आलेला शेतकरी रिकाम्या हाताने परततो. खरा दंड भरतो तो तोच.

न्यायालये बदल्यांत ऊठसूट हस्तक्षेप करतात, ही ओरड खोटी आहे. कर्मचाऱ्याला विशिष्ट ठिकाणी राहण्याचा हक्क नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने शिल्पी बोस प्रकरणात स्पष्ट केले. आदेश वैधानिक नियमाचा भंग करणारा वा दुष्ट हेतूने काढलेला असेल, तरच हस्तक्षेप होईल, ही मर्यादा न्यायालयाने स्वतःच आखून घेतली. शिक्षेऐवजी केलेली बदली बेकायदा ठरते, हे सोमेश तिवारी प्रकरणातील निकालाने सांगितले. तेव्हा शासन हरत असेल, तर ते न्यायाधीशांच्या मर्जीमुळे नव्हे, स्वतःच्या बेपर्वाईमुळे.

तथापि दुसरी बाजूही झाकून चालणार नाही. मलईदार जागेला चिकटून राहण्यासाठी वैद्यकीय प्रमाणपत्रे आणि स्थगिती आदेश ढालीसारखे वापरणारे महाभागही सेवेत आहेत. गडचिरोली वा नंदुरबारचे नाव ऐकताच ज्यांना आजार आठवतो, त्यांच्या मुखी न्यायाची भाषा शोभत नाही. छत्रपती शिवाजी महाराजांनी वतनदारीला लगाम घातला आणि गडावरचा कारभार हवालदार, सबनीस व कारखानीस अशा तिघांत वाटला, तो अधिकार कोणाची मिरास होऊ नये म्हणूनच. सरकारी खुर्चीला वतन समजणारा कर्मचारी आणि बदलीला हत्यार समजणारा पुढारी, दोघेही त्या परंपरेचे द्रोही आहेत.

सर्वोच्च न्यायालयाने ३१ ऑक्टोबर २०१३ रोजी टी. एस. आर. सुब्रमणियन प्रकरणात नागरी सेवा मंडळे स्थापण्याचे आणि किमान कार्यकाळाचे निर्देश दिले. केवळ मंडळे नेमून भागत नाही. त्यांच्या शिफारशी डावलणाऱ्याने त्याचे उत्तर दिले पाहिजे. प्रत्येक मुदतपूर्व बदलीची कारणे जनतेसमोर ठेवावीत. आदेश बेकायदा ठरला, तर दाव्याचा खर्च मान्यता देणाऱ्याच्या खिशातून वसूल व्हावा. सत्तेवर पक्ष कोणताही असो, कसोटी हीच असली पाहिजे. स्वतः केलेला कायदा जे शासन पाळत नाही, त्याला प्रजेकडून कायद्याच्या आदराची अपेक्षा करण्याचा नैतिक अधिकार उरत नाही.