भय उन्हातही असतं



नवरा-बायकोच्या ताणाताणीवरचा काळोखी भयपट जळगाव-धुळ्याच्या उन्हात शोभत नाही, त्याला पाऊस आणि कोकणातला वाडा हवा, असं मागच्या अंकात एका वाचकांनी लिहिलं. मला ते अजिबात पटत नाही.

अशा पटात भुतापेक्षा उजेड महत्त्वाचा. १९४४च्या ‘गॅसलाइट’मध्ये नवरा रात्री माळ्यावर चोरून दिवे लावतो, म्हणून खाली बायकोच्या खोलीतला दिवा मंदावतो, आणि तुलाच भास होतात, असं तिच्या मनावर बिंबवलं जातं. आपल्याकडे मळ्यात राहणाऱ्यांना हे नवं नाही. पंपाची थ्री-फेज वीज बऱ्याचदा रात्रीच येते आणि मोटार सुरू होताच घरातला बल्ब पिवळा पडतो. आता नवरा शेजारी झोपलेला असताना बल्ब मंदावला, तर विहिरीवर कोण? तिने विचारावं, ‘‘कोन शे?’’ आणि त्याने डोळे न उघडता म्हणावं, मोटार बंदच आहे. लघुपटाला एवढं पुरे.

दुपारीही, पारा ४५च्या घरात गेला की आपण दारं-खिडक्या लावून अंधारातच बसतो. एका खोलीत, न बोलणारी दोन माणसं.

आणि हे आपल्याला जमणारं आहे. राजा परांजपे यांच्या ‘पाठलाग’ या मराठी रहस्यपटावरून (१९६४) दोनच वर्षांत हिंदीत ‘मेरा साया’ निघाला. धुळ्याजवळच्या मालेगावात तर लोकांनी साध्या कॅमेऱ्यावर सिनेमे काढले. तेव्हा सिनेमा करू पाहणाऱ्या आमच्या पोरांना कोकणात पाठवू नका. चांगला ध्वनिमुद्रक मिळवून द्या, कारण निम्मी भीती आवाजात असते.

— एक वाचक, अमळनेर (जि. जळगाव)