वदतोव्याघातातून वीज?

तर्कातील विरोधाभास हा ऊर्जेचा साठा आहे आणि योग्य यंत्र लाभले तर तो मोकळा करता येतो, असे सांगणारा एक सिद्धांत विज्ञानकथेच्या वळणाने कल्पिता येतो. ‘हे विधान असत्य आहे’ हे असत्यवादी वाक्य त्याचा कच्चा माल. ते खरे मानले तर खोटे ठरते आणि खोटे मानले तर खरे. हा न थांबणारा हेलकावा जनित्राला जुंपला की अखंड वीज मिळेल, असा त्याचा दावा. सिद्धांत कल्पित असला तरी ज्या गैरसमजांवर तो उभा राहतो ते खरोखर आढळतात आणि जाणत्यांनाही चकवतात. म्हणून तो गंभीरपणे तपासला पाहिजे.

पूर्वपक्षाचे आधार तीन. पहिला असा की हेलकावा ही गती आहे आणि गतीतून काम करून घेता येते. दुसरा असा की अभिजात तर्कशास्त्रात एका व्याघातातून, म्हणजे परस्परविरोधी विधानांतून, कोणतेही विधान सिद्ध होते. निष्पत्ती अमर्याद, म्हणून ऊर्जाही अमर्याद. तिसरा आधार सर्वांत भक्कम दिसतो. जेम्स क्लार्क मॅक्सवेलच्या ‘राक्षसा’च्या विचारप्रयोगाने दाखवले की नुसत्या ज्ञानाच्या बळावर उष्णतेतून काम काढता येते, मग तर्कातूनही ते का काढता येऊ नये?

पहिल्या आधाराला विजेची साधी घंटा उत्तर देते. बटण दाबले की मंडल पूर्ण होते आणि विद्युतचुंबक लोखंडी पट्टी ओढून घेतो. पट्टी सरकताच संपर्क तुटतो, चुंबकत्व जाते, स्प्रिंग पट्टीला मागे आणते आणि मंडल पुन्हा पूर्ण होते. ‘जोडलेले असेल तर तुटेल, तुटलेले असेल तर जुळेल’ हा त्या असत्यवादी वाक्याचाच धातूत उतरलेला अवतार आहे. घंटा वाजत राहते, पण बॅटरी उतरत जाते. संकेत उलटवणारे ‘नॉट गेट’ विषम संख्येने वर्तुळात जोडले तरी हेच घडते: संकेत शून्य आणि एक यांत सतत उलटतो आणि प्रत्येक बदलाला वीजपुरवठ्यातून ऊर्जा खर्च होते. विरोधाभासाने मंडलाला फक्त स्थिर होऊ दिले नाही. ते चालवले बॅटरीने. शिवाय वाक्यात स्वतःमध्ये हेलकावाही नसतो. ‘आधी खरे, मग खोटे’ यातला ‘मग’ वाचणाऱ्याच्या मनाने किंवा तारेतल्या विलंबाने घातलेला असतो. तर्काला काळ नाही, म्हणून गतीही नाही.

असे वाक्य मुळात काही सांगते का, हा प्रश्नही जुना आहे. ‘मी बोलतो ते सर्व खोटे’ या विधानाचा विचार भर्तृहरीच्या ‘वाक्यपदीया’त आहे; विधान स्वतःलाच आपला विषय करत नाही, या दिशेने त्याचे उत्तर जाते. आल्फ्रेड टार्स्कीने १९३३ मध्ये भाषा आणि तिच्याविषयी बोलणारी वरची भाषा वेगळ्या ठेवून याच गाठीला औपचारिक उत्तर दिले.

दुसरा आधार स्वतःच्याच भाराने पडतो. व्याघातातून सर्व काही सिद्ध होत असेल, तर ‘वीज मिळेल’ याबरोबर ‘वीज मिळणार नाही’ हेही सिद्ध होते. जे सर्व काही सांगते ते काहीच सांगत नाही. सिद्ध झालेले विधान हे विधानच राहते. भाकरी आहे असे सिद्ध केल्याने पोट भरत नाही. ऊर्जेचा हिशेब निसर्गात होतो. हेर्मान फॉन हेल्महोल्ट्झने १८४७ मध्ये ऊर्जेच्या अक्षय्यतेचा नियम व्यापक रूपात मांडला, आणि एमी नोएथरच्या १९१८ च्या प्रमेयाने त्याचे मूळ दाखवले: निसर्गाचे नियम काळानुसार बदलत नाहीत, म्हणून ऊर्जा टिकून राहते. आपोआप फिरणाऱ्या यंत्राचा मोह त्याहूनही जुना आहे. १११४ मध्ये जन्मलेल्या भास्कराचार्यांनी ११५० मध्ये रचलेल्या ‘सिद्धांतशिरोमणी’त पोकळ आऱ्यांत पारा भरलेल्या स्वयंवह चाकाचे वर्णन आहे. फ्रान्सच्या विज्ञान अकादमीने १७७५ मध्ये अशा यंत्रांचे प्रस्ताव यापुढे तपासायचे नाहीत असे ठरवले. विरोधाभास-ऊर्जेच्या यंत्रात पाऱ्याच्या जागी वाक्य आले आहे. चाक तेच आहे.

तिसरा आधार मात्र खोलात नेतो. मॅक्सवेलने १८६७ मध्ये एका पत्रात आणि १८७१ मध्ये पुस्तकात मांडलेला हा ‘राक्षस’, म्हणजे एक कल्पित द्वारपाल, वेगवान आणि मंद रेणू निवडून वेगळे करतो आणि खर्चाशिवाय तापमानात फरक निर्माण करतो. लिओ झिलार्डने १९२९ मध्ये हेच एका रेणूच्या यंत्रात आणले: रेणू पेटीच्या डाव्या अर्ध्यात आहे की उजव्या, एवढे कळले तर दट्ट्या रिकाम्या बाजूने लावून काम काढता येते. रॉल्फ लँडाउअरने १९६१ मध्ये माहिती पुसण्याला किमान उष्णतेची किंमत असल्याचे दाखवले. चार्ल्स बेनेटने १९८२ मध्ये ते राक्षसाला लावले: स्मृती कोरी करताना कमावलेले सारे परत द्यावे लागते. फ्रान्स व जर्मनीतील संशोधकांनी २०१२ मध्ये लेसरने धरलेल्या सूक्ष्म गोळीवर ही किमान मर्यादा प्रयोगाने पडताळली.

यातूनच विरोधाभासाच्या दाव्याचे अखेरचे खंडन होते. झिलार्डच्या यंत्राला निश्चित उत्तर लागते: डावे किंवा उजवे. ‘डावे असेल तर उजवे, उजवे असेल तर डावे’ अशा उत्तराने दट्ट्या कुठे लावायचा हे ठरत नाही. विरोधाभासात एका बिटचीही माहिती नाही. म्हणजे माहितीतून जेवढे काम निघू शकते तेवढेही त्यातून निघत नाही.

मंडन करायचे ते विरोधाभासाच्या खऱ्या कार्याचे. बर्ट्रांड रसेलला १९०१ मध्ये संचांच्या कल्पनेतला विरोधाभास सापडला, १९०२ मध्ये त्याने तो गॉटलोब फ्रेगेला कळवला, आणि गणिताचा पाया नव्याने घालणे भाग पडले. एर्न्स्ट झर्मेलोची संच-गृहीतके १९०८ मध्ये आली. कुर्ट गोडेलने १९३१ मध्ये असत्यवादी वाक्याचीच घडण वापरून औपचारिक गणिताच्या मर्यादा सिद्ध केल्या, आणि अ‍ॅलन ट्युरिंगने १९३६ मध्ये त्याच जातीच्या युक्तिवादाने गणनेच्या मर्यादा दाखवताना सर्वसमावेशक संगणकाची संकल्पना दिली. मॅक्सवेलच्या राक्षसाने माहिती आणि उष्णता यांचे नाते उघड केले. प्रत्येक वेळी विरोधाभासाने संकल्पनेतील भेग दाखवली आणि ती बुजवणाऱ्या श्रमातून नवे ज्ञान उभे राहिले.

तर्क आणि ऊर्जा यांचे नाते अशा प्रकारे खरे आहे, पण त्याची दिशा उलटी आहे. २७ अंश सेल्सिअसला एक बिट पुसण्यास किमान लागणारी ऊर्जा म्हणजे २.९ ज्यूलला एकावर २१ शून्ये असलेल्या संख्येने भागून येणारी रक्कम. ती कितीही लहान असली तरी शून्य नाही; आणि ती तर्क देत नाही, तर्क करणाऱ्या यंत्राला मोजावी लागते.