बर्फाआधी बादली

लग्नसराई आणि उन्हाळा मराठवाड्यात एकदमच येतात. घनसावंगी तालुक्यातल्या तीर्थपुरीसारख्या गावात एप्रिल-मेमध्ये पारा चाळिशी ओलांडतो, मेकअप धरत नाही, आयब्रो केल्यावर कपाळाची लाली लवकर जात नाही. अशात नवरी मोबाइल पुढे करून म्हणते, "ताई, मला हे असं करून द्या ना." पडद्यावर कोणीतरी बर्फाच्या भांड्यात तोंड बुडवत असते. मोठ्या शहरातल्या ब्यूटिशियनला हा प्रश्न पडतो तसाच तो तीर्थपुरीतल्या ताईंनाही पडतो. फरक एवढाच की इथे वीज गेली की फ्रीजरमधला बर्फ वितळतो आणि नळाला रोज पाणी येईलच याचा भरवसा नसतो. म्हणून हा विषय इथूनच मांडलेला बरा.

बर्फाला नावे ठेवण्याचे कारण नाही. गारव्याने त्वचेतल्या बारीक रक्तवाहिन्या आकसतात, सूज उतरते, दुखणे मेंदूपर्यंत नेणाऱ्या नसा मंदावतात. थ्रेडिंग किंवा अपर लिपनंतर स्वच्छ रुमालात गुंडाळलेला बर्फ मिनिटभर फिरवला, एका जागी थांबवला नाही, तर गिऱ्हाइकाला बरे वाटते. गारवा ओसरला की आकसलेल्या वाहिन्या पुन्हा फुलतात आणि चेहऱ्यावर लाली चढते. रीलमधला 'ग्लो' म्हणतात तो हाच, आणि तो थोड्या वेळात उतरतो. राहिली रंध्रांची गोष्ट. त्यांना उघडायला-मिटायला स्नायूच नसतात. वाफेने ती उघडत नाहीत आणि बर्फाने बंद होत नाहीत. 'पोअर्स बंद करणारे आइस फेशियल' अशी पाटी लावून वेगळे पैसे घेणे आम्हाला पटत नाही.

खरी काळजी वेगळीच आहे. पार्लरमध्ये बर्फाची आठवण सर्वांत घाईने कधी होते? वॅक्सने भाजल्यावर. हीटरवरचे वॅक्स जास्त तापलेले असते, मनगटावर थेंब टाकून पाहायचे राहून जाते, ओठावर पट्टी पडते आणि गिऱ्हाईक किंचाळते. मग हेल्पर फ्रीजकडे धावते आणि भाजलेल्या जागेवर बर्फाचा खडा दाबून धरते. हे आगीतून फुफाट्यात ढकलणे झाले. भाजलेल्या त्वचेला रक्ताची गरज असते. बर्फ नेमका तोच पुरवठा आखडतो आणि जखम खोल जाऊ शकते. भाजल्यावरचा पहिला उपाय म्हणजे साधे, गार, वाहते पाणी, तेही 20 मिनिटे. चिकटलेले वॅक्स ओढायचे नाही, त्याच्यावरूनच पाणी सोडायचे. टूथपेस्ट नाही, हळद नाही, तूप नाही. फोड आला, किंवा डोळ्याजवळ भाजले, तर थेट डॉक्टर.

20 मिनिटे वाहता नळ! टँकरची वाट पाहणाऱ्या गावात हे वाचून कोणी हसेल, आणि ते रास्तच आहे. तेव्हा स्वच्छ पाण्याची बादली भरून ठेवावी आणि तांब्याने बारीक धार सोडत राहावी. तेही जमत नसेल तर ओला स्वच्छ कपडा ठेवून तो सारखा बदलावा. ब्लीचने आग झाली तरी आधी भरपूर पाण्याने धुणेच खरे. न धुता बर्फ फिरवला तर कातडी बधिर होते, गिऱ्हाईक गप्प बसते, आणि रसायन मात्र आपले काम करतच राहते.

घरगुती फ्रीजर साधारण उणे 18 अंशांवर चालतो. ट्रेमधून काढलेला कोरडा खडा बोटाला चिकटतो, तो याच कारणाने. त्वचेला रंग देणाऱ्या पेशी थंडीपुढे फार नाजूक असतात. उणे 4 ते उणे 7 अंशांच्या आसपास त्या मरू लागतात. परदेशात गुरांवर गोठवून खूण करतात तेव्हा तिथले केस पांढरे उगवतात, त्यामागे हीच गोष्ट आहे. आपल्या सावळ्या-गव्हाळ त्वचेवर बर्फाचा चटका बसला तर पांढरा किंवा काळा डाग महिनोन्‌महिने राहू शकतो. गारव्याने अंगावर पित्त उठणाऱ्यांना आणि गाल सतत लाल असणाऱ्यांना बर्फापासून लांबच ठेवावे. थंड पाण्यात तोंड बुडवले की नाडी मंदावते. काही प्रकारची धडधड उतरवायला डॉक्टर याचाच उपयोग करतात. हृदयविकार असलेल्या बाईला खुर्चीत बसवून हा प्रयोग करू नये.

बर्फ रसवंतीतून मागवत असाल तर रंग पाहा. 2018 पासून महाराष्ट्रात अखाद्य बर्फात निळा रंग घालण्याचा नियम आहे. तो बर्फ तोंडाला लावायचा नाही, आणि पांढरा आहे म्हणून डोळे झाकून विश्वासही ठेवायचा नाही. उकळून गार केलेल्या पाण्याचा बर्फ आपणच करावा. एकीचा खडा दुसरीला नको.

आणखी एक गिऱ्हाईक ओळखायला शिका. चेहरा लालबुंद, कातडी पातळ, उन्हात आग, हनुवटीवर लव, आणि तोंडी एकच मागणी : "बर्फ लावून द्या, थंड वाटतं." तिला विचारा, कोणते क्रीम लावता? पुष्कळदा पर्समधून बीटामेथासोन, मोमेटासोन किंवा क्लोबेटासोल असलेली ट्यूब निघते, गोरेपणासाठी महिनोन्‌महिने चोळलेली. सरकारने 2018 मध्ये अशा 14 स्टेरॉइड मलमांना डॉक्टरांच्या चिठ्ठीशिवाय विक्रीला मनाई केली, तरी ती पोहोचतातच. अशा चेहऱ्याला बर्फ लावणे म्हणजे रोग म्हशीला आणि औषध पखालीला. तिला त्वचारोगतज्ज्ञांकडे पाठवा. अचानक बंद केल्यावर चेहरा आणखी भडकतो, म्हणून ट्यूबही त्यांच्याच सल्ल्याने सोडायची. फेशियलचे पैसे बुडतील, बुडू द्या.

सलूनवाल्या बंधूंचे यात चांगले चालले आहे. दाढीनंतर गार पाणी आणि तुरटी, एवढ्यावर त्यांनी पिढ्या काढल्या. (तुरटीचा एकच खडा सगळ्यांच्या गालांवर फिरतो, ते मात्र बंद व्हायला हवे.) मराठवाड्याच्या कोरड्या हवेत माठ भर मेमध्येही पाणी छान गार ठेवतो, कारण पाझरलेले पाणी लवकर उडते आणि जाताना उष्णता घेऊन जाते. थ्रेडिंगनंतर ठेवायच्या ओल्या कपड्याच्या घडीला तेवढा गारवा पुरतो, आणि त्याने कोणाची कातडी जळत नाही.

या हंगामात वॅक्स हीटरचे बटण दाबण्याआधी शेजारी स्वच्छ पाण्याची झाकलेली बादली आणि तांब्या ठेवा, आणि ती कशासाठी आहे हे हेल्परला आजच सांगून ठेवा.