पेन ड्राइव्हमधला सिनेमा



स्नेहसंमेलनाच्या दुसऱ्या दिवशी आपण शाळेत एक मराठी चित्रपट दाखवला. एका पालकांनी मोठ्या हौसेने पेन ड्राइव्ह आणून दिला होता. मध्येच पडद्यावरून कुणा प्रेक्षकाचे डोके हलत गेले! मुले हसली, मीही हसलो. घरी गेल्यावर मात्र चैन पडेना. परीक्षेत कॉपी पकडणारा मी, आणि थिएटरात चोरून केलेली कॉपी मीच लावली होती.

आपली अडचण खरी आहे. हुमनाबादला मराठी चित्रपट क्वचितच लागतो; सोलापूर किंवा लातूर गाठावे लागते. पण फुकट पाहणारा कुणाच्याच हिशेबात येत नाही. मग इकडे मराठी प्रेक्षक आहे हे निर्मात्याला कळावे कसे? २०१६ साली शेजारच्या सोलापूर जिल्ह्यातल्या नागराज मंजुळे यांचा 'सैराट' थिएटरात चालू असतानाच त्याच्या चोरट्या प्रती मोबाइलवर फिरत होत्या. 'सैराट' तरला. लहान चित्रपट तरत नाहीत.

कायदाही कडक झाला आहे. २०२३ च्या दुरुस्तीनुसार थिएटरात चोरून चित्रण करणाऱ्यास तीन महिने ते तीन वर्षे कैद आणि किमान तीन लाख रुपये दंड होऊ शकतो. पण मुलांना भीती घालणे मला आवडत नाही. त्यापेक्षा वाट दाखवावी.

वाटा आहेत. डीडी फ्री डिशला मासिक वर्गणी नाही आणि त्यावर सह्याद्री वाहिनी दिसते. यूट्यूबवर कित्येक निर्मात्यांनी आपले चित्रपट स्वतःच ठेवले आहेत; फक्त चॅनेल कुणाचे आहे ते आधी पाहावे. चित्रपटाचा कॉपीराइट साठ वर्षांचा असतो. त्यामुळे प्रभातचा 'संत तुकाराम' (१९३६) किंवा पहिले राष्ट्रपती सुवर्णपदक मिळवणारा आचार्य अत्रे यांचा 'श्यामची आई' (१९५३) आता सर्वांचे आहेत. आणखी एक गोष्ट मला स्वतःलाच उशिरा कळली. कॉपीराइट कायद्याच्या कलम ५२ प्रमाणे शाळेच्या उपक्रमात विद्यार्थी, शिक्षक व पालक यांच्यापुरता चित्रपट दाखवता येतो. प्रत मात्र सरळ मार्गाने आलेली हवी. घरचे ओटीटी घरापुरतेच असते, ते शाळेत लावू नये.

विश्वस्त मंडळाला विनंती आहे की ग्रंथालयाच्या रकमेतून चित्रपटांसाठी थोडे पैसे वेगळे काढावेत. पुस्तके आपण विकत घेतोच ना?

पेन ड्राइव्ह मी त्या पालकांना परत केला. ते रागावले नाहीत. 'श्यामची आई' लावाल तेव्हा आजींनाही घेऊन येऊ, म्हणाले.

— मुख्याध्यापक