कॅमेरा आमचा, पडदा कोणाचा?

चित्रपटात आम्ही आजवर दिसलो ते दुसऱ्यांच्या नजरेने. एकतर मार खाणारे, नाहीतर पाया पडणारे. ज्योती निशा यांनी 'बी. आर. आंबेडकर : नाऊ अँड देन' (२०२३) या माहितीपटात ही नजरच उलटवली. बहुजन स्त्री म्हणून त्या स्वतः कथेत उभ्या राहतात आणि स्वतःच्या जगण्यातून बाबासाहेबांकडे पाहतात. पैसा? लोकवर्गणीतून! पुढे तमिळ दिग्दर्शक पा. रंजित यांच्या नीलम प्रॉडक्शन्सने साथ दिली. सोमनाथ वाघमारे यांचा 'चैत्यभूमी'ही त्याच वर्षीचा.

पण जिंतूरच्या आमच्या पोरांनी हे पाहायचे कुठे? महोत्सव भरतात मुंबईत, नाहीतर परदेशात. डिसेंबर २०२४ मध्ये परभणीत संविधानाच्या प्रतिकृतीची विटंबना झाली, त्यानंतर सोमनाथ सूर्यवंशी यांचा न्यायालयीन कोठडीत मृत्यू झाला. ते दिवस ज्यांनी भोगले त्यांनीच पडद्यावर मांडायला हवेत. मोबाइल तर घरोघरी आहे; कमी आहे ती पाहणाऱ्यांच्या बैठकीची. जयंतीच्या वर्गणीतला डी.जे.चा खर्च थोडा आवरला (राग येणाऱ्यांना येवो!) तर प्रोजेक्टरचे भाडे सहज निघेल. विहाराची पांढरी भिंत आहेच. येत्या १४ एप्रिलला जिंतूर तालुक्यातल्या एका तरी विहारात हा माहितीपट लावा, आणि नंतर पुढाऱ्याऐवजी वस्तीतल्या एखाद्या मुलीच्या हाती माइक द्या.