फरक धर्माचा नव्हे, राज्यघटनेचा

‘मुसलमानांना लोकशाही मानवतच नाही, पाकिस्तान बघा,’ असे ऐकवणारे मला नेहमी भेटतात. मी त्यांना इतिहास बघायला सांगतो.

१९४७ मध्ये एकाच समाजाचे दोन देश झाले. वारसाही एकच होता: १९३५ चा कायदा, ब्रिटिशांची नोकरशाही आणि लष्कर. भारताने २६ जानेवारी १९५० ला राज्यघटना लागू केली, १९५१-५२ मध्ये प्रौढ मतदानाने निवडणूक घेतली. पाकिस्तानात घटना यायला १९५६ उजाडले. दोन वर्षांतच लष्करी राजवटीने ती गुंडाळली. प्रौढ मतदानाची पहिली सार्वत्रिक निवडणूक तिथे १९७० मध्ये झाली आणि तिचा निकालही लष्कराने मानला नाही.

केवळ धर्म माणसे जोडत असता, तर १९५२ मध्ये ढाक्यात बांगला भाषेसाठी लढणाऱ्या विद्यार्थ्यांवर गोळीबार झाला नसता, १९७१ मध्ये देश फुटला नसता. भारताने भाषावार राज्ये दिली. महाराष्ट्राला त्यासाठी झगडावे लागले, पण देश टिकला.

१९७४ मध्ये पाकिस्तानच्या संसदेने अहमदियांना बिगरमुस्लिम ठरवले. कोणाचा धर्म खरा हे सरकार ठरवू लागले की आज दुसऱ्याची पाळी येते, उद्या आपली.

म्हणून हिंदुराष्ट्र मागणाऱ्यांना माझा सवाल आहे: पाकिस्तानला नावे ठेवता, मग त्याच वाटेने का निघालात? आणि माझ्या मुस्लिम बांधवांनो, इथे आपल्याला धर्मनिरपेक्षता हवी असेल, तर तिथल्या हिंदू, ख्रिस्ती आणि अहमदियांसाठीही ती मोठ्या आवाजात मागा.