बोटावरची शाई

पांढुर्णा-सौसरकडील मराठी घरांत त्या काळी वृत्तपत्र नागपूरहून येई आणि सरकारी हुकूम भोपाळहून. २६ जून १९७५ रोजी सकाळी आकाशवाणीवरून आणीबाणीची घोषणा झाली, तेव्हा आम्ही पंधरा वर्षांचे होतो. मिसा, सेन्सॉर हे शब्द प्रथमच कानी पडले. अर्थ विचारला की वडीलमंडळी म्हणत, "अभ्यासाला बसा." सायंकाळी ओट्यावर बसून राज्यकर्त्यांचा खरपूस समाचार घेणारी हीच माणसे आता कपाशीच्या भावापलीकडे बोलेनात. रात्री दार लावून बीबीसीच्या हिंदी बातम्या लागत, त्याही इतक्या हळू, की रेडिओला कान लावून बसावे लागे.

आमचे वडील शिक्षक. कुटुंबनियोजनाच्या शस्त्रक्रियेसाठी माणसे आणण्याचे काम त्यांच्याही माथी आले. वर्गात नागरिकशास्त्र शिकविणारा तो ताठ माणूस खेड्यापाड्यांतून मान खाली घालून हिंडताना आम्ही पाहिला. त्या वयात बापाचा धाक वाटावा. आम्हांस कीव वाटली, आणि ती त्यांच्या ध्यानात आली असावी.

मार्च १९७७ मध्ये निवडणूक झाली. मताधिकाराचे वय तेव्हा एकवीस होते. ते अठरावर आले १९८९ साली. तेव्हा आमच्या वाट्याला भिंतींवर नांगरधारी शेतकरी रंगविणे तेवढे आले. निकाल लागले. रायबरेलीत खुद्द इंदिरा गांधी पराभूत झाल्या. उत्तर प्रदेशात व बिहारात काँग्रेसला एकही जागा मिळाली नाही. मध्य प्रदेशातील चाळीसांपैकी एकच मिळाली, आणि वाचकहो, ती आमची! छिंदवाड्यातून गार्गीशंकर मिश्र निवडून आले. (पांढुर्णा स्वतंत्र जिल्हा झाला २०२३ साली; त्या वेळी दोन्ही गावे छिंदवाड्यातच होती.) सीमेपलीकडे नागपुरातही काँग्रेसचाच उमेदवार विजयी झाला होता, हे आमच्या ध्यानी फार पुढे आले. आमच्याकडचे वारे भोपाळपेक्षा नागपूरकडूनच अधिक वाहत असावेत.

त्या दिवशी मात्र आम्ही संतापून घरी आलो आणि प्रथमच वडिलांना जाब विचारला, "तुम्ही मत कुणाला दिलेत?" त्यांच्या तर्जनीवर शाई अजून होती. तिच्याकडे पाहत, वर्गात बोलावे तशा आवाजात ते म्हणाले, "मत गुप्त असते. पुस्तकात आहे तुझ्या."

भीतीपोटी दिले की मनापासून, की आमच्यासारखेच विरोधात दिले, ते कळले नाही. कित्येक महिने आम्ही त्यांच्याशी धड बोललो नाही. पुढे ते निवृत्त झाले, थकले. विचारावयास सवड पुष्कळ होती. आम्ही पुन्हा विचारले नाही.